एकाच ऑलिम्पिकमध्ये ज्युडोची दोन वैयक्तिक गोल्ड: विम रुस्काचा रेकॉर्ड आता का तुटू शकत नाही

1972 च्या म्युनिक ऑलिम्पिकमध्ये विलेम रुस्का (सगळे त्याला विमच म्हणायचे) या डच माणसाने ज्युडोची दोन गोल्ड जिंकली, पहिलं 31 ऑगस्टला आणि दुसरं 9 सप्टेंबरला. दोन्ही वैयक्तिक. त्याआधी असं कुणी केलं नव्हतं, नंतरही कुणाला जमलं नाही, आणि आत्ताचे नियम आहेत तसेच राहिले तर कुणाला जमणारही नाही. फ्रान्सचा हेवीवेट टेडी रीनरचे फॅन लगेच म्हणतील की पॅरिसला 2024 मध्ये त्याने पण दोन जिंकली की, तर हो, जिंकली, पण त्यातलं एक टीमचं होतं, त्यावर शेवटी येतो.

गंमत म्हणजे डच ज्युडो म्हटलं की नाव निघतं ते अँतोन गेसिंकचं. ज्युडोचं गोल्ड आणणारा तो पहिला ना. रुस्का दुसरा, आणि दुसऱ्याचं काय होतं ते आपल्याला माहितीय. पण रुस्काचं करिअर नीट समजून घ्यायचं तर ज्युडोतल्या दोन-तीन गोष्टी आधी कळायला हव्यात, नाहीतर 'दोन गोल्ड म्हणजे दोन वेळा जिंकला' एवढंच हाती लागतं.

पहिली गोष्ट, मॅच जिंकतात कशी. ज्युडोत सगळ्यात मोठा स्कोअर म्हणजे इप्पॉन, तो मिळाला की मॅच तिथल्या तिथे खल्लास. समोरच्याला जोरात, वेगात आणि ताबा न सोडता पाठीवर आपटलं की इप्पॉन. थोडं कमी पडलं, म्हणजे जोर कमी किंवा पाठ पूर्ण टेकली नाही, तर वाझा-आरी, आणि असे दोन वाझा-आरी झाले की एक इप्पॉन. आपल्या कुस्तीत खांदे टेकले की चितपट, विषय संपला. ज्युडोत मात्र खाली दाबून धरलं तर घड्याळ चालू होतं, आत्ता 20 सेकंद आणि रुस्काच्या काळात 30 सेकंद, तेवढा वेळ खालच्याला सुटायची संधी असते. म्हणजे चितपट होऊनसुद्धा अर्धा मिनिट जीव खाऊन धडपडता येतं. याशिवाय कोपराचा सांधा उलटा दाबून किंवा जाकिटाच्या कॉलरने गळा आवळून समोरच्याला हार मानायला लावता येते. जाकीट जाडजूड असतं आणि सगळा खेळच त्या जाकिटाच्या पकडीवर चालतो, कोण बाही धरतो, कोण कॉलर धरतो, आणि कोण धरूच देत नाही.

(त्या काळी दोघेही पांढऱ्या ड्रेसमध्ये खेळायचे, त्यामुळे टीव्हीवर कोण कोणाच्या वर आहे हे कळायला डोळे ताणावे लागायचे. निळा ड्रेस आणा ही कल्पना पुढे गेसिंकनेच मांडली, जपान्यांनी बरीच वर्षं नाकं मुरडली आणि 1997 मध्ये ती जागतिक फेडरेशनने मान्य केली.)

दुसरी गोष्ट वजनगटाची, आणि खरी गोम इथे आहे. जिगोरो कानो यांनी 1882 मध्ये टोकियोत कोडोकान ही शाळा काढली आणि जुन्या जुजुत्सूमधून ज्युडो उभा केला, तेव्हा वजनगट वगैरे काही नव्हतं. मूळ विचारच असा की समोरच्याचा जोर त्याच्याच विरुद्ध वापरायचा, त्याचा तोल घालवायचा, मग तो किती का दांडगा असेना. त्यामुळे वजनाप्रमाणे गट पाडा म्हणणं हे बऱ्याच जुन्या जपानी लोकांना ज्युडो हरला असं कबूल केल्यासारखं वाटायचं. 1956, 1958 आणि 1961 च्या वर्ल्ड चॅम्पियनशिपला एकच मेडल असायचं, सगळे एकाच टोपलीत. गट आले ते ऑलिम्पिकमुळे. 1964 ला टोकियोत ज्युडो पहिल्यांदा ऑलिम्पिकमध्ये आला तेव्हा 68 किलोपर्यंत, 80 किलोपर्यंत आणि 80 च्या वर असे तीन गट केले, आणि चौथा ठेवला ओपन, म्हणजे वजन न बघता कुणीही या. जपानच्या दृष्टीने मानाचा गट हाच. बाकीचे जिंकले काय, नाही जिंकले काय, ओपन आपल्याकडेच राहिला पाहिजे.

आणि नेमका तोच गेला. गेसिंक उट्रेख्तचा, उंची 1 मीटर 98 सेंटिमीटर, 1961 ला पॅरिसमध्ये वर्ल्ड चॅम्पियन झालेला, जपानबाहेरचा पहिलाच. पण त्याला नुसता धिप्पाड गोरा समजणं चूक आहे, हाकू मिचिगामी नावाच्या जपानी गुरूच्या हाताखाली तो युरोपात शिकला होता आणि नंतर जपानला जाऊन तेन्री विद्यापीठात तिथल्या पोरांबरोबर घाम गाळून आला होता. 23 ऑक्टोबर 1964 ला, खास ज्युडोसाठी बांधलेल्या निप्पॉन बुडोकानमध्ये, फायनलला समोर आकिओ कामिनागा. नऊ मिनिटं होऊन गेल्यावर गेसिंकने त्याला खाली घेतलं, केसा-गातामे लावला, म्हणजे बाजूला बसून एक हात मानेखालून घालून दाबायचं, आणि 30 सेकंद उठूच दिलं नाही. आनंदाच्या भरात काही डच लोक मॅटकडे धावले तर त्याने हात करून त्यांना थांबवलं, आधी रीतसर नमस्कार. जपानने उरलेली तिन्ही गोल्ड जिंकली होती तरी त्या दिवशी हॉलमध्ये सुतक. आणि मला वाटतं ज्युडो जगभर पसरला त्यात या एका पराभवाचा वाटा मोठा आहे, कारण बाहेरच्यांना कळलं की हे आपल्यालाही जमू शकतं.

आता रुस्का. जन्म 29 ऑगस्ट 1940, ॲमस्टरडॅम. ज्युडो त्याने सुरू केला विशीच्या आसपास, डच नेव्हीत असताना, आणि हे वय ज्युडोसाठी फारच उशिराचं आहे, कारण पडायचं कसं, तोल कसा वाचायचा हे लहानपणी अंगात मुरतं, मोठेपणी डोक्याने शिकावं लागतं. उंची 1.90 च्या आसपास, वजन 110 किलोच्या घरात. टोकियो ऑलिम्पिकला तो 24 वर्षांचा होता, पण ते गेसिंकचं ऑलिम्पिक होतं. 1965 ला गेसिंकने रिओमध्ये वर्ल्ड चॅम्पियनशिपचं हेवीवेट जिंकलं, मग हळूहळू तो बाजूला झाला, आणि 1967 ला सॉल्ट लेक सिटीत हेवीवेटचा वर्ल्ड चॅम्पियन होता रुस्का. सात वर्षांपूर्वी ज्याने पहिल्यांदा जाकीट घातलं तो माणूस. हा स्पीड बघा.

आता 27 वर्षांचा जगज्जेता म्हणजे पुढच्या वर्षी मेक्सिको ऑलिम्पिकला फेव्हरिट, बरोबर? नाही. कारण 1968 च्या ऑलिम्पिकमध्ये ज्युडो नव्हताच. टोकियोत यजमान जपान म्हणून तो आला होता, मेक्सिकोच्या यादीतून गळाला आणि 1972 ला परत आला. म्हणजे ज्या वर्षी रुस्का सगळ्यात जोरात असायला हवा होता त्या वर्षी त्याच्यासाठी ऑलिम्पिकच नाही. त्याहून कहर म्हणजे पुढच्याच वर्षी, 1969 ला, ज्युडोची वर्ल्ड चॅम्पियनशिप कुठे भरली, तर मेक्सिको सिटीत! तिथे ओपनच्या फायनलला तो मासातोशी शिनोमाकीकडून हरला, सिल्व्हर. माणसाने कपाळाला हात लावावा अशी टायमिंगची बोंब.

खेळाडूच्या करिअरबद्दल बोलताना आपण कौशल्य, मेहनत वगैरे बोलतो, कॅलेंडरबद्दल फार कमी. चार वर्षांतून एकदा येणाऱ्या गोष्टीसाठी जगायचं आणि तीच मध्ये एकदा येणार नाही असं कळलं तर 28 व्या वर्षी बरेच जण सोडून देतील. रुस्काने सोडलं नाही. युरोपियन चॅम्पियनशिपची त्याची टायटल्स एकूण सात झाली, 1971 ला लुडविग्सहाफेनमध्ये पुन्हा वर्ल्ड चॅम्पियन झाला, फायनलला पश्चिम जर्मनीचा क्लाउस ग्लान, तोही त्याच्याच घरच्या प्रेक्षकांसमोर.

म्युनिकला तेव्हा गट सहा झाले होते, 63, 70, 80, 93 किलोपर्यंत, 93 च्या वर, आणि ओपन. हेवीवेटची स्पर्धा 31 ऑगस्टला, रुस्काचा बत्तिसावा वाढदिवस झाल्याला दोनच दिवस झालेले. फायनलला परत ग्लान, परत जर्मनी, परत रुस्का जिंकला. इथपर्यंत अपेक्षेप्रमाणे. तेव्हा एकच खेळाडू स्वतःच्या वजनगटात आणि ओपनमध्ये अशा दोन्हीकडे उतरू शकायचा, आणि रुस्काने ओपनलाही नाव दिलेलं.

ओपन जास्त अवघड का, तर तिथे समोर काय येईल सांगता येत नाही. स्वतःच्या गटात सगळे साधारण आपल्यासारखेच, जड, थोडे संथ, पकडीला दमदार. ओपनमध्ये 95 किलोचा चपळ माणूस येतो जो सतत खाली घुसतो, आणि पुढच्या मॅचला 130 किलोचा डोंगर. शिवाय बऱ्याच देशांनी दोन गटांत दोन वेगळे लोक ठेवलेले. सोव्हिएत युनियनकडून हेवीवेटला गिवी ओनाश्विली खेळला, त्याला ब्राँझ मिळालं, आणि ओपनला त्यांनी उतरवला विताली कुझ्नेत्सोव, ताजातवाना. सोव्हिएत ज्युडोवाले साम्बोतून आलेले असायचे, साम्बो म्हणजे त्यांची जाकीट घालून खेळायची कुस्ती, त्यामुळे त्यांची पकड, त्यांचे डाव, सगळंच जपानी पुस्तकाबाहेरचं.

आणि सुरुवातीच्या एका फेरीत या कुझ्नेत्सोवने रुस्काला हरवलं.

आता इथे बहुतेकांचा गोंधळ होतो, की हरलेला माणूस गोल्ड कसं जिंकला. त्यासाठी रेपेचेज समजून घ्या. साध्या नॉकआऊटमध्ये अडचण अशी की तुमच्या नशिबाने पहिल्याच फेरीत सगळ्यात तगडा माणूस समोर आला तर तुम्ही स्पर्धेतले दोन नंबरचे असूनही दुपारच्या आत हॉटेलवर. म्हणून तेव्हा नियम असा होता की ज्याने तुम्हाला हरवलं तो जर पुढे जिंकत जिंकत वरपर्यंत गेला, तर तुमचा पराभव 'चांगल्या माणसाकडून' झाला असं धरतात आणि तुम्हाला परत बोलावतात. मग त्या माणसाकडून हरलेले सगळे आपापसात खेळतात. म्हणजे तुम्ही हरल्यावर तिथेच बसायचं आणि ज्याने तुम्हाला आपटलं त्याच्याच नावाने देव पाण्यात ठेवायचे, की बाबा तू हरू नकोस. विचित्र आहे, पण तेव्हा तसंच होतं.

आज ज्युडोत रेपेचेजमधून जास्तीत जास्त ब्राँझ मिळतं, गोल्डचा रस्ता बंद. 1972 ला तसं नव्हतं, रेपेचेज जिंकणारा थेट सेमीफायनलला जायचा आणि तिथून फायनललाही. कुझ्नेत्सोव जिंकत राहिला म्हणून रुस्का परत आला, रेपेचेजमधून वर चढला, सेमीफायनल मारली, आणि फायनलला समोर कोण, तर कुझ्नेत्सोवच. या वेळी रुस्का जिंकला. कुणी म्हणेल की एक-एक झालं, मग बरोबरी, गोल्ड एकाला कसं? मुद्दा बरोबर आहे आणि पुढे नियम बदलले त्यामागे असेच वाद असणार, पण त्या दिवशीचा नियम तोच होता आणि तो सगळ्यांना सारखा होता. जपानला त्या ओपनमध्ये मेडलच मिळालं नाही, ब्राँझ गेली फ्रान्सच्या ज्याँ-क्लोद ब्रोंदानीला आणि तेव्हा ब्रिटनकडून खेळणाऱ्या अँजेलो पारिसीला.

पण ही 9 सप्टेंबरची गोष्ट झाली, आणि 31 ऑगस्ट ते 9 सप्टेंबर यांच्या मध्ये 5 सप्टेंबर येतो. त्या पहाटे ब्लॅक सप्टेंबर या पॅलेस्टिनी संघटनेचे लोक ऑलिम्पिक व्हिलेजमध्ये घुसले, इस्रायलच्या टीमला ओलीस धरलं, आणि त्यात इस्रायलच्या टीममधले 11 जण मारले गेले. स्पर्धा थांबल्या, 6 तारखेला स्टेडियममध्ये शोकसभा झाली, आणि ऑलिम्पिक कमिटीचे अध्यक्ष एव्हरी ब्रंडेज यांनी खेळ चालूच राहणार असं जाहीर केलं. डच टीममध्ये यावरून बरीच चर्चा झाली, पळण्याच्या शर्यतीतला योस हर्मेन्ससारखे काही जण सामान बांधून घरी गेले. रुस्का थांबला आणि खेळला.

यावर त्याच्यावर टीकाही झाली. मला विचाराल तर दोन्ही बाजू समजण्यासारख्या आहेत, जे गेले ते बरोबरच होते, पण 1968 ला ज्याचं ऑलिम्पिक हुकलं आणि ज्याला 32 व्या वर्षी पुढचं मिळणार नाही हे पक्कं माहीत आहे, त्याने थांबायचं ठरवलं म्हणून त्याला दगड मारायला माझा हात उठणार नाही. परिणाम मात्र असा झाला की ज्युडोतला एवढा मोठा पराक्रम बातम्यांत कुठेतरी कोपऱ्यात गेला. म्युनिक म्हटलं की लोकांना ती 5 तारीख आठवते, आणि साहजिकच आहे. गेसिंकच्या वाट्याला बुडोकान आलं, अख्खा जपान बघत होता, नंतर उट्रेख्तमध्ये तो जिवंत असतानाच त्याच्या नावाचा रस्ता झाला, 1987 ला तो आंतरराष्ट्रीय ऑलिम्पिक कमिटीचा सदस्य झाला. रुस्काच्या वाट्याला असं काही आलं नाही.

म्युनिकनंतर त्याने ज्युडो सोडला. मग पैशांचं काय? त्या काळी ऑलिम्पिकवाल्यांना खेळातून पैसे घ्यायला बंदी होती, आजच्यासारखं जाहिराती, सरकारी नोकरी, कोटींचं बक्षीस असं काही नाही. त्यामुळे नाव झालं की ते विकायची एक जागा म्हणजे जपानमधलं प्रो रेसलिंग. गेसिंकही 1973 पासून तिकडे उतरला होता. रुस्काची गाजलेली लढत 6 फेब्रुवारी 1976 ची, टोकियोत, बुडोकानमध्येच, समोर अँटोनिओ इनोकी. ज्युडोवाला विरुद्ध रेसलर असा सगळा माल, इनोकी जिंकला. प्रो रेसलिंगचे निकाल आधी ठरलेले असतात त्यामुळे कोण भारी हा प्रश्न त्यावरून सोडवायला जाऊ नका, पण धंद्याच्या दृष्टीने ही लढत महत्त्वाची, कारण इनोकीने 'मी दुसऱ्या खेळातल्या चॅम्पियनलाही हरवतो' ही इमेज इथून बांधली आणि त्याच वर्षी 26 जूनला त्याच बुडोकानमध्ये थेट मुहम्मद अलीसमोर उभा राहिला. आज ज्याला मिक्स्ड मार्शल आर्ट्स म्हणतात त्याची मुळं शोधणारे लोक या दोन लढतींपर्यंत येतात. म्हणजे ज्युडोत दुर्लक्षित राहिलेला माणूस दुसऱ्याच खेळाच्या इतिहासात पाहुणा म्हणून आला, आणि तोही हरलेल्याच्या भूमिकेत.

2001 मध्ये त्याला स्ट्रोक आला आणि त्यातून अपंगत्व आलं. 2013 ला जागतिक ज्युडो फेडरेशनने त्याला हॉल ऑफ फेममध्ये घेतलं, 14 फेब्रुवारी 2015 ला होर्न गावात तो गेला, 74 वर्षांचा होता.

आता रेकॉर्डचं. दोन वैयक्तिक गोल्डसाठी दोन गट लागतात ज्यात एकच माणूस खेळू शकेल, आणि ते फक्त ओपनमुळे शक्य होतं. म्युनिकनंतर ओपन ऑलिम्पिकमध्ये फक्त तीनदा झाला, 1976, 1980 आणि 1984. सगळ्यात जवळ गेला तो वर उल्लेख केलेला पारिसी, जो नंतर फ्रान्सकडून खेळायला लागला, 1980 ला मॉस्कोत त्याने हेवीवेट जिंकलं आणि ओपनच्या फायनलला पूर्व जर्मनीच्या डिटमार लॉरेन्झकडून हरला. एक मॅच कमी पडली. 1984 ला लॉस एंजेलिसमध्ये यासुहिरो यामाशिताने पोटरीचा स्नायू दुखावलेला असताना ओपन जिंकला आणि तो शेवटचा, 1988 पासून ऑलिम्पिकमधून ओपन गायब. का काढला याचा सरळ हिशोब असा की ओपन जिंकायचे बहुतेक जडच लोक, म्हणजे हेवीवेटलाच दोन मेडल्स दिल्यासारखं व्हायचं, आणि मेडल्सची एकूण संख्या तर मर्यादित. 1992 पासून बायकांचेही गट अधिकृत झाले, मग ओपनला जागा कुठली.

पुढे 2020 च्या, म्हणजे 2021 मध्ये झालेल्या, टोकियो ऑलिम्पिकपासून बायका-पुरुषांच्या मिक्स्ड टीमची स्पर्धा आली, तेव्हापासून एका ऑलिम्पिकमध्ये दोन गोल्ड परत शक्य झाली. टोकियोत फ्रान्सच्या क्लारिस अग्बेन्येनूने 63 किलो आणि टीम अशी दोन घेतली, पॅरिसला रीनरने 100 किलोच्या वर आणि टीम. रीनर हा सर्वकाळातला सगळ्यात मोठा हेवीवेट आहे यावर माझं काही म्हणणं नाही, पण टीममध्ये सहा जण असतात, आणि एकट्याने दोनदा सगळ्या फेऱ्या पार करणं वेगळं.

ओपन बाकी पूर्ण मेलेला नाही. जपानमध्ये ऑल जपान चॅम्पियनशिप अजूनही वजन न बघता होते, दर वर्षी एप्रिलच्या शेवटी, आणि तिकडे त्या टायटलचा मान मोठा. वर्ल्ड चॅम्पियनशिपमध्येही ओपन बरीच वर्षं टिकला होता, आणि 2005 ला कैरोमध्ये तो कुणी जिंकला, तर डेनिस व्हान डेर गेस्ट, पुन्हा एक डच हेवीवेट. त्याचं ऑलिम्पिक मेडल अथेन्स 2004 चं, 100 किलोच्या वरच्या गटातलं ब्राँझ. ज्या गटात तो जगज्जेता झाला तो गट त्याच्या काळात ऑलिम्पिकमध्ये नव्हता, आणि त्याच्याही आधी डच हेवीवेट अँजेलिक सेरीसचं तर आणखीच अवघड झालं होतं, 1988 ला सोलमध्ये तिने गोल्ड जिंकलं पण बायकांचा ज्युडो तेव्हा फक्त प्रात्यक्षिक म्हणून होता, त्यामुळे ते मेडल अधिकृत यादीत धरतच नाहीत. 1995 ला ती वर्ल्ड चॅम्पियन झाली, ते मात्र धरतात.